नेमणूक वादात आहे म्हणून पेन्शनची फाईल थांबवता येते का?

मोहोळ तालुक्यातून एका मुलाने विचारलं आहे. वडील 1993 साली जिल्हा परिषदेत कनिष्ठ सहायक म्हणून लागले, अनुसूचित जमातीसाठी राखीव जागेवर. पुढे महादेव कोळी जमातीचा त्यांचा दावा तपासणी समितीने अवैध ठरवला. 2020 च्या सुरुवातीला त्यांना अधिसंख्य (जादा निर्माण केलेल्या) पदावर घेतलं आणि तेव्हापासून अकरा-अकरा महिन्यांचे आदेश निघताहेत. येत्या 31 मे रोजी वयाची 58 वर्षं पूर्ण होऊन ते निवृत्त होतील. कार्यालयातले लिपिक म्हणतात, "तुमची नेमणूकच वादात आहे, प्रस्ताव पाठवता येत नाही." मुलाचे प्रश्न तीन आहेत: पेन्शन मिळेल का, आधी मिळालेलं काही परत द्यावं लागेल का, आणि वडिलांमागे आईला काही राहील का.

मी वकील नाही. आस्थापना आणि लेखा या दोन टेबलांवर नोकरी गेली, आणि निवृत्तीनंतर सोलापुरात लोकांच्या पेन्शनच्या फाईली बघून देतो. मूळ जमातीच्या दाव्याबद्दल मी बोलणार नाही. तो समितीचा आणि उच्च न्यायालयाचा विषय आहे. फाईलीबद्दल बोलतो.

तुमच्या वडिलांना पेन्शन मिळायला हवी, आणि प्रस्ताव न पाठवण्याचं कारण म्हणून "नेमणूक वादात" हे उत्तर चालत नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मध्ये अशा नावाचं कलम नाही. प्रस्ताव करताना त्या नियमांनी दोन गोष्टी बघायच्या असतात. झालेली सेवा अर्हताकारी, म्हणजे पेन्शनसाठी धरली जाणारी, आहे का, ही एक. आणि निवृत्तीच्या दिवशी कर्मचाऱ्याविरुद्ध विभागीय किंवा न्यायिक कार्यवाही चालू आहे का, ही दुसरी. लिपिकाने यातलं काय म्हणायचं ते ठरवावं आणि कागदावर लिहून द्यावं. तोंडी हरकतीवर अपील होत नाही, अर्ज होत नाही, काहीच होत नाही. आपल्याकडे "बघू की, करतो की" यावर अख्खं वर्ष निघून जातं आणि माणूस निवृत्त होऊन घरी बसल्यावर कळतं की फाईल उघडलेलीच नव्हती.

आता वडिलांची जागा नेमकी कुठे आहे ते बघू. जात प्रमाणपत्राच्या पडताळणीचा राज्याचा कायदा 18 ऑक्टोबर 2001 पासून लागू झाला. त्याचं कलम 10 कडक आहे: खोट्या प्रमाणपत्रावर मिळवलेली नोकरी काढून घ्यायची आणि मिळालेले आर्थिक लाभ जमीन महसुलाच्या थकबाकीसारखे वसूल करायचे. त्याच्या आदल्या वर्षी मिलिंद प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दावा नाकारूनही आधीच पक्क्या झालेल्या गोष्टींना हात लावला नव्हता. त्या आधारावर बरीच वर्षं नोकरीला संरक्षण मिळत गेलं; 2014 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानेही अरुण सोनोने प्रकरणात तसाच निर्णय दिला. मग 6 जुलै 2017 ला जगदीश बहिरा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते दार बंद केलं. दावा अवैध ठरला की राखीव जागेवरचा हक्क संपला, कितीही वर्षं झालेली असोत.

हजारो माणसं एका दिवसात रस्त्यावर काढायची नाहीत म्हणून शासनाने 21 डिसेंबर 2019 चा निर्णय काढला. राखीव जागा खऱ्या उमेदवारांसाठी मोकळी करायची आणि बसलेल्या माणसाला अधिसंख्य पदावर, म्हणजे त्याच्यापुरत्या निर्माण केलेल्या जादा पदावर न्यायचं, अकरा महिन्यांसाठी. त्यानंतर काय, हे तेव्हा लिहिलेलं नव्हतं. ते आलं 14 डिसेंबर 2022 च्या शासन निर्णयात: एक दिवसाचा तांत्रिक खंड देऊन सेवानिवृत्तीपर्यंत ठेवायचं, पदोन्नती आणि अनुकंपा नियुक्ती सोडून सेवाविषयक लाभ द्यायचे आणि सेवानिवृत्तीविषयक लाभही द्यायचे. तुमच्या फाईलीचा कणा हा निर्णय आहे. त्याची प्रत काढा, पहिल्या पानावर लावा. तुम्हाला नाही म्हणणाऱ्या लिपिकाने तो वाचलेला नसेल असं मी धरून चालतो. 2019 चा निर्णय सगळ्यांना पाठ असतो, 2022 चा फार थोड्यांना.

फाईल खरी अडते ती कायद्यावर नाही, सेवापुस्तकावर. आधी वडिलांचं मूळ सेवापुस्तक बघायला मागा आणि शक्य असेल तर प्रत्येक पानाची प्रत घ्या. 1993 चा नेमणूक आदेश, त्याचा क्रमांक आणि दिनांक लिहिलेला आहे का? अधिसंख्य पदावर वर्ग केल्याची नोंद आहे का, आणि तिच्यात 2019 च्या शासन निर्णयाचा उल्लेख आहे का? त्यानंतरच्या दर अकरा महिन्यांच्या आदेशाची वेगळी नोंद हवी. तांत्रिक खंडाच्या दिवसापुढे "खंड" एवढंच लिहून सोडलेलं असेल तर वेतन पडताळणीत लाल शाईचा शेरा हमखास येतो, कारण पेन्शनच्या नियमांत सेवाखंडाने मागची सेवा जाण्याची तरतूद आहे. तिथे "शासन निर्णय दि. 14 डिसेंबर 2022 नुसार तांत्रिक खंड" असं पूर्ण लिहून घ्या आणि सक्षम अधिकाऱ्याची सही घ्या. नियम 48 खाली सेवाखंड क्षमापित, म्हणजे माफ, करण्याचा अधिकार नेमणूक प्राधिकाऱ्याला आहे. कोणी फारच अडवून बसलं तर त्या नियमाखाली आदेश मागा. म्हणजे नकार द्यायचा झाला तरी त्यांना कारण लिहावं लागेल.

दुसरी नेहमीची अडचण वेतनाची. मधल्या काळात वडिलांना वरिष्ठ सहायक म्हणून पदोन्नती मिळाली असेल आणि तीही राखीव बिंदूवर (आरक्षणासाठी ठरलेल्या क्रमांकावर) असेल, तर अधिसंख्य झाल्यावर त्यांचं वेतन कोणत्या पदाचं धरलं हे आदेशात स्पष्ट पाहिजे. ते नसेल तर लेखा शाखा दोन वेगवेगळी मूळ वेतनं धरते, पगारासाठी एक आणि पेन्शनसाठी दुसरं. हा घोळ निवृत्तीच्या आधी सुटला तर आठवड्यात सुटतो. नंतर सुटायला वर्षं जातात.

एक सोलापुरी सूचना. नियमाप्रमाणे प्रस्ताव निवृत्तीच्या सहा महिने आधी पुढे जायला हवा. तुमचा तो टप्पा हुकलेला दिसतो. निवृत्ती मे अखेरीस, आणि जून-जुलैत आषाढीच्या तयारीत जिल्ह्यातले निम्मे अधिकारी पंढरपुरात असतात. त्या दिवसांत कोणाच्याही टेबलावर तुमची नस्ती हलणार नाही, आणि त्यात त्यांची चूकही नसते. सेवापुस्तकाच्या त्रुटी एप्रिलच्या आत काढून घ्या. जिल्हा परिषदेच्या तृतीय आणि चतुर्थ श्रेणीच्या कर्मचाऱ्याची पेन्शन मुंबईला महालेखाकारांकडे जात नाही, वित्त विभागाच्या तपासणीनंतर ती जिल्हा परिषदेतच मंजूर होते. म्हणजे पाठपुराव्याला मुंबई गाठायची गरज नाही.

आता कार्यवाहीचा मुद्दा, ज्याची भीती सगळ्यात जास्त घातली जाते. नियम 27 खाली पेन्शन रोखण्याचा किंवा कमी करण्याचा अधिकार शासनाला आहे, आणि निवृत्तीच्या वेळी कार्यवाही चालू असेल तर नियम 130 प्रमाणे तात्पुरतं निवृत्तिवेतन मिळतं, पण उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी, निकाल लागेपर्यंत थांबते. हे खरं. मात्र कार्यवाही कधी "चालू" धरायची हे नियमातच सांगितलं आहे. विभागीय कार्यवाही सुरू होते ती दोषारोपपत्र बजावल्याच्या तारखेला, किंवा आधी निलंबन असेल तर निलंबनाच्या तारखेला. फौजदारी कार्यवाही सुरू होते ती दंडाधिकाऱ्यांनी दखल घेतलेली तक्रार किंवा पोलिसांचा अहवाल दाखल झाला त्या तारखेला. "चौकशी प्रस्तावित आहे", "वरिष्ठांकडून मार्गदर्शन मागवलं आहे", "कोणीतरी निनावी अर्ज दिला आहे", यांतली एकही गोष्ट कार्यवाही नव्हे. पोलिसांत नुसता गुन्हा नोंदला असेल तरीही नाही.

निवृत्तीनंतर नवीन विभागीय चौकशी सुरू करायची तर शासनाची मंजुरी लागते, आणि घटना चार वर्षांच्या आतली हवी. 1993 च्या नेमणुकीवर 2026 नंतर दोषारोपपत्र काढणं या नियमात बसत नाही. वडिलांनी समितीच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयात याचिका केलेली असेल आणि ती प्रलंबित असेल, तर तिचा उल्लेख प्रस्तावात जरूर करा, लपवू नका. पण ती त्यांनी केलेली याचिका आहे, त्यांच्याविरुद्धची कार्यवाही नव्हे. ही दोन्ही एकच समजून उपदान रोखलेलं मी पाहिलं आहे. लेखी हरकत घेतल्यावर सुटलं. म्हणून ना-चौकशी प्रमाणपत्र आत्ताच मागा. चौकशी नसेल तर ते नाकारण्याचं कारण त्यांच्याकडे नाही.

एका गोष्टीची मात्र खात्री करून घ्या. समितीच्या आदेशात दावा "सिद्ध होत नाही" म्हटलं आहे की दाखला "बनावट" म्हटलं आहे? पुरावा अपुरा पडणं आणि शाळेच्या दाखल्यात खाडाखोड सापडणं यांत फार अंतर आहे. दुसऱ्या प्रकारात त्याच कायद्याखाली गुन्हा दाखल होऊ शकतो आणि वर सांगितलेलं बरंचसं पालटतं. 2019 साली सर्वोच्च न्यायालयाने बिहारच्या देवेंद्र शर्मा प्रकरणात सांगितलं की नेमणूक मुळातच बेकायदा असेल तर कितीही वर्षं काम केलं तरी पेन्शनचा हक्क उभा राहत नाही. हाच निकाल कार्यालयं सरसकट सगळ्यांना दाखवतात. तो तुमच्या वडिलांना लागू नाही, कारण त्यांना शासनाने स्वतःच्या निर्णयाने अधिसंख्य पदावर ठेवलं आहे आणि लाभ देण्याचंही लिहून ठेवलं आहे. उलट बाजूने 2013 चा झारखंडचा जितेंद्रकुमार श्रीवास्तव निकाल हाताशी ठेवा: पेन्शन आणि उपदान ही संविधानाच्या अनुच्छेद 300-अ खालची मालमत्ता आहे, नियमाचा आधार नसताना नुसत्या प्रशासकीय पत्राने ती रोखता येत नाही.

पैशांची प्रत्येक बाब वेगळी मागा, हे मी सगळ्यांना सांगतो. एकाच अर्जात "सर्व लाभ द्यावेत" लिहिलं की एका बाबीवरच्या हरकतीने बाकीच्याही अडकतात. भविष्य निर्वाह निधी हा वडिलांचा स्वतःचा पैसा. नेमणुकीचा वाद असो, चौकशी असो, त्याला हात लावता येत नाही. गट विम्यातली बचतही तशीच. रजा रोखीकरण, कमाल 300 दिवसांचं, निवृत्तीबरोबर मिळायला हवं. मग उपदान, पेन्शन आणि अंशराशीकरण, म्हणजे पेन्शनचा काही भाग एकरकमी घेणं. पेन्शनसाठी किमान दहा वर्षांची अर्हताकारी सेवा लागते, तुमच्याकडे जवळजवळ तेहेतीस आहे, त्यामुळे शेवटच्या मूळ वेतनाच्या निम्मी पेन्शन आणि त्यावर महागाई भत्ता. उपदानाला तीन महिन्यांपेक्षा आणि पेन्शनला सहा महिन्यांपेक्षा जास्त उशीर झाला, आणि तो कार्यालयामुळे झाला, तर नियम 129-अ आणि 129-ब खाली व्याज मागता येतं. ते आपणहून कोणी देत नाही, अर्ज करावा लागतो. म्हणून प्रत्येक अर्जावर आवक क्रमांक आणि शिक्का घ्या.

वसुलीचं. वेतननिश्चितीत चूक झाली म्हणून निवृत्तीच्या तोंडावर लाखभराची वसुली काढणं हा आपल्याकडचा जुना रोग आहे. 18 डिसेंबर 2014 च्या रफिक मसीह निकालाने तृतीय आणि चतुर्थ श्रेणीतले कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, आणि पाच वर्षांहून जास्त काळ चुकून दिलेली रक्कम, अशा प्रकरणांत वसुलीला मनाई केली. वडील यांतल्या निदान दोन वर्गांत बसतात. पण हा निकाल आड येतो तो चुकीने जास्त दिलेल्या रकमेच्या वसुलीला. फसवणुकीने घेतलेल्या लाभाला त्याचा आसरा नाही.

आणि हमीपत्र. निवृत्तीच्या महिन्यात पाचशेच्या स्टॅम्पपेपरवर "भविष्यात माझी नेमणूक रद्द झाल्यास मिळालेली संपूर्ण रक्कम व्याजासह परत करीन" असा मजकूर पुढे करतात. घाईत, निरोपाच्या हारतुऱ्यांत, माणूस सही करतो. 2016 मध्ये जगदेव सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दिलेल्या हमीपत्राच्या जोरावरच वसुली योग्य ठरवली होती. म्हणून अशा सरसकट कागदावर सही करू नका. वेतननिश्चितीतली हिशेबाची चूक दुरुस्त करण्यापुरतं हमीपत्र हवं असेल तर तेवढंच लिहून द्या. याहून जास्त मागत असतील तर कोणत्या नियमाखाली मागता हे विचारणारं पत्र द्या. मी आजवर असं पत्र दिलं की पुढचा आग्रह बहुतेक वेळा थांबतो.

एवढं करूनही नकार आला, किंवा लेखी उत्तरच आलं नाही, तर कुठे जायचं? जिल्हा परिषद कर्मचाऱ्याचं प्रकरण महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये चालत नाही. ते राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी. तुम्हाला उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागेल. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागे. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं आहे आणि सोलापूर जिल्हा त्याच्याकडे आहे. समितीच्या निर्णयाला आव्हानही कायद्याप्रमाणे फक्त उच्च न्यायालयातच देता येतं, दिवाणी न्यायालयात नाही. त्याआधी मात्र माहितीच्या अधिकारात प्रस्तावाची सद्यःस्थिती आणि टिपणीची प्रत मागा. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं, आणि टिपणीवर कोणी काय लिहिलं हे हातात आल्यावर निम्म्या वेळा कोर्टाची पायरी चढावीच लागत नाही.

हे उत्तर दुसरे लोकही वाचतील म्हणून दोन शब्द. रोजंदारीवर लागून पुढे कायम झालेल्यांचा वाद वेगळा. तिथे 10 एप्रिल 2006 चा उमादेवी निकाल नियमबाह्य आणि बेकायदा नेमणूक यांत फरक करतो, आणि 2019 चा प्रेमसिंग निकाल उत्तर प्रदेशच्या प्रकरणात कायम होण्याआधीच्या कार्यव्ययी (कामाच्या खर्चातून पगार मिळणाऱ्या) सेवेलाही पेन्शनसाठी धरतो. खाजगी अनुदानित शाळांतल्या शिक्षकांची गाठ वैयक्तिक मान्यतेशी असते. मान्यतेचा मूळ आदेश हरवला असेल तर आधी तो शोधा, बाकी सगळं नंतर. टीईटी, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षा, नसलेल्या शिक्षकांबाबत सर्वोच्च न्यायालयाच्या 1 सप्टेंबर 2025 च्या निकालात निवृत्तीला पाच वर्षांपेक्षा कमी उरलेल्यांना नोकरीत राहू दिलं आहे, पदोन्नती मात्र नाही. आणि मुदतीत परीक्षा उत्तीर्ण न झाल्याने बाहेर पडावं लागलेल्यांनाही आवश्यक सेवा झालेली असेल तर निवृत्तीचे लाभ मिळतील असं म्हटलं आहे.

राहिला आईचा प्रश्न. वडिलांना पेन्शन मंजूर झाली की कुटुंब निवृत्तिवेतन तिच्याबरोबरच येतं, शेवटच्या मूळ वेतनाच्या 30 टक्के, त्यावर महागाई भत्ता. त्यासाठी आत्ता करायचं ते एवढंच: सेवापुस्तकातल्या कुटुंबाच्या तपशिलात आईचं नाव आणि जन्मतारीख आहे का बघा, आणि ते आधारवरच्या नावाशी जुळतं का बघा. लग्नाआधीचं नाव एका कागदावर आणि लग्नानंतरचं दुसऱ्यावर, हा प्रकार आपल्या जिल्ह्यात दर चौथ्या फाईलीत सापडतो. नाव जुळत नसेल तर वडील हयात आणि नोकरीत असतानाच, त्यांच्या सहीच्या अर्जाने दुरुस्त करून घ्या. संयुक्त फोटो आणि पेन्शनचं बँक खातं दोघांच्या नावे ठेवा. घरात दिव्यांग अपत्य असेल तर त्याचं नावही त्याच नमुन्यात, प्रमाणपत्रासह, आत्ताच घाला.

सेवापुस्तकाच्या प्रती आणि समितीचा आदेश हातात आला की पुन्हा लिहा. आदेशातला शेवटचा परिच्छेद जसाच्या तसा पाठवा, मग वसुलीबद्दल नक्की सांगता येईल.